शिए जिन : एक चित्रपटकार आणि त्याच्या देशाची पन्नास वर्षे

चिनी सिनेमा म्हटले की आपल्यापैकी बहुतेकांना दोनच गोष्टी आठवतात. तरुणांना ब्रूस लीचे मारामारीपट, आणि वडीलधाऱ्यांना शांतारामबापूंचा 'डॉ. कोटणीस की अमर कहानी'. पहिले हाँगकाँगचे, दुसरा तर सोलापूरच्या डॉक्टरवर आपल्याच मुंबईत १९४६ साली काढलेला. म्हणजे खुद्द चीनमध्ये, चिनी प्रेक्षकांसाठी निघालेल्या सिनेमाशी आपली ओळख जवळजवळ नाहीच. गेल्या तीस-चाळीस वर्षांत चांग यिमौ, चन खायग यांची नावे फिल्म सोसायट्यांतून कानावर आली खरी. पण ते चित्रपट चिनी माणसांपेक्षा परदेशी महोत्सवांत जास्त पाहिले गेले. चीनमधला साधा प्रेक्षक, गिरणीतला कामगार, शाळामास्तर, सैनिकाची आई, ज्याचे चित्रपट पाहून रडला तो माणूस वेगळा होता. त्याचे नाव शिए जिन. चिनी रीतीप्रमाणे शिए हे आडनाव, ते आधी येते.

या माणसाविषयी आपल्याशी बोलावेसे वाटले, त्याला एक कारण आहे. १९४८ साली तो सहायक दिग्दर्शक म्हणून एका खासगी चित्रसंस्थेत रुजू झाला, आणि त्याचा शेवटचा चित्रपट २००१ साली आला. या अर्धशतकात चीनमध्ये राज्य उलटले, मोहिमा झाल्या, सांस्कृतिक क्रांती झाली, ती चूक होती असे जाहीर झाले, बाजार आला. शिए जिन प्रत्येक टप्प्यावर चित्रपट काढत होता. सत्ता बदलली तरी ज्याचे काम चालूच राहते, अशा माणसाकडे आपण थोड्या संशयाने पाहतो, आणि ते रास्तही आहे. शिए जिनबद्दल चीनमध्येही हा संशय बोलून दाखवला गेला. मी त्याचे मिळतील ते चित्रपट पाहिले तेव्हा माझे मत असे झाले की त्याच्या बहुतेक चित्रपटांचे शेवट त्या त्या काळाने लिहिले आहेत, मधला भाग मात्र त्याचा स्वतःचा आहे. हे मत आपल्याला पटते का, ते पुढच्या पानांवरून ठरवावे.

त्याचा जन्म १९२३ चा, झेजियांग प्रांतातल्या शांगयूचा. कोकणातल्या माणसाला मुंबई जशी, तशी त्या भागातल्या माणसाला शांघाय. तो लहान असतानाच कुटुंब शांघायला आले, आणि मुलाला दोन नाद लागले: सिनेमाचा आणि गावाकडच्या संगीत नाटकाचा. झेजियांगमधल्या या नाट्यप्रकाराला युए म्हणतात. आपल्याकडे बालगंधर्वांनी लुगडे नेसून रंगभूमी गाजवली. युए नाटकात त्याच्या उलट, सगळ्याच नटी, आणि नायकाचे कामही बाईच करते. खेड्यातल्या गरीब मुली लहानपणीच नाटकमंडळीत दिल्या जात, बिदागीवर गावोगाव फिरत, आणि नशीब उघडले तर शांघायच्या थिएटरांत पोचत. ही दुनिया शिए जिनच्या पक्की परिचयाची होती. पुढे त्याचा सर्वांत सुंदर चित्रपट तिच्यातूनच निघाला.

जपानशी युद्ध चालू असताना सरकारी नाट्यविद्यालय आत दूर सिचुआन प्रांतातल्या जियांगआन गावी हलवले होते. १९४१ साली शिए जिन तिथे दाखल झाला. नाटककार त्साओ यू आणि अमेरिकेत नाट्यशिक्षण घेऊन आलेले होंग शेन हे त्याचे गुरू. तिथे तो पाश्चात्त्य नाटकाची बांधणी शिकला: प्रवेश कुठे तोडायचा, गुपित कधी फोडायचे, प्रेक्षकाला कुठवर थांबवायचे. त्याच्या चित्रपटात पुढे जे काही घट्ट आहे ते इथले, आणि जे ओलसर आहे ते युए नाटकातले.

१९४९ नंतर काय झाले ते सांगितल्याशिवाय पुढचे कळणार नाही. शांघायमधल्या खासगी चित्रसंस्था तीन-चार वर्षांत सरकारी शांघाय स्टुडिओत विलीन झाल्या. दिग्दर्शक महिन्याच्या पगारावर आला. पटकथा समितीपुढे जायची, तयार चित्रपट पुन्हा वरच्या समितीपुढे जायचा. पास झाला की सरकारी वितरण संस्था तो विकत घेऊन देशभर पाठवायची, शहरातल्या थिएटरांत आणि खेड्यांत उघड्या मैदानावर. तिकीट किती खपले याची चिंता स्टुडिओला नव्हती. वरच्या माणसाची भुवई कुठे वर गेली याची मात्र कायम होती. शिए जिननेही १९५० मध्ये नव्या राजवटीचे राजकीय प्रशिक्षण घेतले आणि मग तो या यंत्रणेत काम करू लागला.

त्याचे नाव झाले ते १९५७ च्या 'बास्केटबॉलपटू क्रमांक पाच' या रंगीत चित्रपटाने. पटकथाही त्याचीच. क्रांतीपूर्व शांघायमधला एक खेळाडू परदेशी खलाशांच्या संघाकडून मुद्दाम हरायला नकार देतो, मार खातो, आणि संघमालकाच्या मुलीशी त्याची ताटातूट होते. अठरा वर्षांनी तो महिला संघाचा प्रशिक्षक म्हणून येतो. संघातली पाच नंबरची हट्टी मुलगी तिचीच. प्रशिक्षकाच्या कामात ल्यू छ्योंग हा जुना देखणा नट होता. त्याचे नाव लक्षात ठेवा, तो पुन्हा येणार आहे. नव्या चीनमध्ये मुलींच्या खेळाला मान आहे हा वरचा संदेश. पण पाहताना मनात राहते ती भिंतीवरच्या जुन्या तसबिरीसारखी जपलेली प्रीती.

त्याच वर्षी 'उजव्यांविरुद्ध'ची मोहीम सुरू झाली. आधी पक्षाने बुद्धिजीवींना मोकळेपणी टीका करा म्हणून सांगितले, आणि टीका केल्यावर साडेपाच लाखांहून अधिक माणसांवर 'उजवा' हा शिक्का मारला. शिक्का म्हणजे नोकरी गेली, पद गेले, अनेकांची श्रमछावणीत रवानगी. शांघायच्या चित्रसृष्टीतला अव्वल नट-दिग्दर्शक शी हुई याने त्या वर्षी समुद्रात उडी घेतली. १९३४ साली 'देवी' हा अजरामर मूकपट काढणारा वू योंगगांग 'उजवा' ठरला. शिए जिन वाचला. का वाचला, याचे एकच एक उत्तर देणे मला धाडसाचे वाटते. अशा मोहिमांत वाचणे आणि बुडणे पुष्कळदा योगायोगावर असते. एवढे खरे की शेजारच्या खुर्च्या रिकाम्या होताना त्याने पाहिल्या, आणि पुढची वीस वर्षे त्याविषयी एक अक्षर काढले नाही. काढता आलेच नसते.

१९६१ चा 'महिलांची लाल तुकडी' हा मात्र राजवटीच्या पूर्ण मर्जीतला. हायनान बेटावर १९३१ मध्ये खरोखर असलेल्या महिला पलटणीवर बेतलेली कथा. जमीनदाराच्या पाण्यातल्या कोठडीतून सुटलेली दासी छ्योंगहुआ सैनिक होते. नायिकेसाठी चू शिज्वान ही नाट्य अकादमीतली विद्यार्थिनी निवडली, ती कुणाशी तरी तावातावाने भांडत असताना तिचे डोळे पाहून, असे सांगतात. ते डोळे हाच तो चित्रपट. १९६२ मध्ये वाचकांच्या मतांवर दिले जाणारे 'शतपुष्प' पुरस्कार पहिल्यांदा दिले गेले, त्यात उत्कृष्ट चित्रपट, दिग्दर्शक आणि अभिनेत्री असे तिन्ही मान याला मिळाले. पण मूळ पटकथेत नायिका आणि तिला सोडवणारा पक्षाचा कार्यकर्ता यांच्यात प्रेम फुलते, ते कापावे लागले. कापले तरी डोळ्यांतले राहिलेच; कात्री संवादांवर चालते, नजरेवर चालत नाही. पुढे याच कथेवर बॅले निघाला. सांस्कृतिक क्रांतीत तो आठ 'आदर्श' कलाकृतींपैकी एक झाला आणि १९७२ च्या बीजिंग भेटीत निक्सन यांना दाखवण्यात आला. शिए जिनचा मूळ चित्रपट मात्र इतर जुन्या चित्रपटांबरोबर डब्यात पडून होता.

आता 'रंगमंचावरच्या दोन बहिणी'. १९६४ साली पूर्ण झालेल्या या चित्रपटापाशी थोडे थांबू.

काळ १९३५ पासूनचा. सासरहून पळालेली बालवधू चुनहुआ एका युए नाटकमंडळीच्या पेटाऱ्यात लपते. मंडळीच्या मास्तरांची मुलगी युएहोंग नायकाचे काम करते, चुनहुआ नायिकेचे शिकते, आणि रंगमंचावरची जोडी सख्ख्या बहिणींसारखी होते. एका गावात भांडण होते, तेव्हा चुनहुआला चौकात खांबाला बांधून ठेवतात. गावातली एक लहान मुलगी, तीही बालवधूच आणि तिचेही नाव चुनहुआच, तिला पाणी पाजते. मास्तर वारतात, दोघी तीन वर्षांच्या कराराने शांघायच्या थिएटर-मालकाच्या हाती पडतात. नाव होते, दागिने येतात. युएहोंग दमते आणि मालकाशी लग्न करते. चुनहुआ लू शुनच्या कथेवरचे, दुर्दैवी मोलकरणीचे नाटक रंगभूमीवर आणते. तिच्या डोळ्यांत चुना टाकला जातो, आणि खटल्यात खोटी साक्ष द्यायला उभी केली जाते ती युएहोंग.

यात वास्तवाचा धागा आहे. युए रंगभूमीची मोठी अभिनेत्री युआन श्युएफन हिने १९४६ मध्ये लू शुनची हीच कथा रंगमंचावर आणली, आणि त्याच वर्षी भर रस्त्यात तिच्या अंगावर मैला फेकला गेला. शिए जिनने मैल्याच्या जागी चुना घेतला. पडद्यावर काय सोसेल आणि काय नाही, याची त्याला जाण होती.

शेवटी क्रांती होते, दोघी भेटतात, एका नावेतून जाताना चुनहुआ जुन्या मैत्रिणीला सावरते. हा शेवट काळाने सांगितलेलाच आहे. पण त्याआधीचे दोन तास पाहा. विंगेतून दिसणारा रंगमंच, आरशापुढे रंग उतरवणारी प्रौढ नटी जिला आता कुणी विचारत नाही आणि जी एके दिवशी गळफास घेते, झेजियांगच्या कालव्यांतून जाणाऱ्या नावेवर रचलेले पेटारे. कोण बरोबर आणि कोण चूक हे चित्रपट सांगतो. पण चुकलेल्या बहिणीवरचे प्रेम तो लपवत नाही. तेच त्याला नडले. वर्गशत्रूशी संसार थाटलेल्या बाईला क्षमा म्हणजे वर्गसमेट, हा बूर्झ्वा मानवतावाद, असा ठपका आला. या चित्रपटाला पाठिंबा देणारे संस्कृती खात्याचे उपमंत्री, पटकथाकार शिया यान त्याच सुमारास पदावरून गेले आणि पुढे वर्षानुवर्षे कैदेत राहिले. चित्रपट 'विषारी तण' ठरला, आणि धिक्कार करण्यासाठी म्हणून लोकांना दाखवण्यात आला. पंधरा-सोळा वर्षांनी, १९८० मध्ये, लंडनच्या महोत्सवात त्याचा गौरव झाला.

१९६६ नंतरचे थोडक्यात सांगतो, कारण ते लांबवण्यात अर्थ नाही. शिए जिनची सभांतून विटंबना झाली, त्याला कैद्यांच्या 'गोठ्यात' ठेवले, मग शेतश्रमाला पाठवले. ज्या जागी असे लोक डांबत तिला चिनी लोक गोठाच म्हणत. त्या काळात त्याच्या वडिलांनी आत्महत्या केली. आईनेही.

यानंतर जे झाले ते समजून घ्यायला मला वेळ लागला. आदर्श नाटकांचे चित्रपट करायला कसबी माणसे हवी होती, म्हणून शिए जिनला श्रमातून काढून कॅमेऱ्यामागे उभे केले गेले. १९७२ च्या 'बंदर' या आदर्श संगीत-नाटकाच्या चित्रपटाचा तो एक दिग्दर्शक. १९७५ मध्ये त्याने आणखी दोघांसह 'चुनम्याओ' काढला: खेड्यातली अनवाणी डॉक्टर मुलगी आणि तिला अडवणारा, 'भांडवली वाटेने जाणारा' दवाखान्याचा प्रमुख. ज्या टोळीने आईबापांचा बळी घेतला तिच्या राजकारणाला पोषक असा हा चित्रपट आहे, आणि तो मुळीच अडाण्यासारखा केलेला नाही. मुलीच्या चेहऱ्यावरची कळकळ खरी आहे. १९७६ मध्ये माओ गेले, चौकडी तुरुंगात गेली, आणि 'चुनम्याओ' हा पुन्हा टीकेचा विषय झाला, या वेळी उलट्या बाजूने. शिए जिनने नकार द्यायला हवा होता का? घरात बायको, चार मुले, त्यांतली दोन मतिमंद. मी या प्रश्नाचे उत्तर त्याच्या वतीने देत नाही, आणि आपणही घाईने देऊ नये अशी विनंती आहे.

मग १९८०. 'तियानयुन पर्वताची कथा'. तोवर 'उजव्यां'चे शिक्के पुसण्याचे काम सरकारी कचेऱ्यांत सुरू झाले होते, पण १९५७ च्या मोहिमेवर पडद्यावर थेट बोलायला कुणी धजले नव्हते. लू यानचौ याची लघुकादंबरी हाती घेऊन शिए जिनने ते केले. लुओ छुन हा उमदा अधिकारी 'उजवा' ठरतो. त्याची वाग्दत्त वधू सोंग वेई पक्षाच्या सांगण्यावरून संबंध तोडते आणि शिक्का मारणाऱ्याच अधिकाऱ्याशी लग्न करते. तिची मैत्रीण फंग छिंगलान, अंगाने किडकिडीत शिक्षिका, त्या बहिष्कृत माणसाशी लग्न करते. वीस वर्षांनी सोंग वेई पुनर्विचाराच्या खात्यात अधिकारी आहे, आणि लुओ छुनची फाइल तिच्या टेबलावर येते. तिचा नवराच ती अडवून बसलेला.

या चित्रपटातले एक दृश्य चीनमधल्या एका पिढीला तोंडपाठ आहे. आजारी लुओ छुन हातगाडीवर पडलेला, आणि बर्फातून ती लहानखुरी बाई एकटी गाडी ओढत त्याला घरी नेते. हेच लग्न, हीच वरात. संवाद नाहीत. युए नाटकातली माणसे रंगमंचावर जशी चालत प्रवास करतात तशी ती चालते. ज्याच्या स्वतःच्या घरी असे कुणी ओढून न्यायला पोचू शकले नाही, त्या माणसाने हे दृश्य घेतले, हे मला विसरता येत नाही. न्याय मिळायच्या आधी फंग छिंगलान मरते. १९८१ मध्ये 'सुवर्ण कोंबडा' पुरस्कार प्रथमच दिले गेले, आणि उत्कृष्ट चित्रपटाचा मान दोघांत विभागला: एक हा, आणि दुसरा ज्याच्या दिग्दर्शनात 'उजवा' ठरलेल्या वृद्ध वू योंगगांगचा हात होता, तो. १९५७ मध्ये एक वाचला होता, एक बुडाला होता.

१९८२ चा 'घोडेपाल' लोकांनी डोक्यावर घेतला. 'उजवा' म्हणून गवताळ प्रदेशात धाडलेला शिक्षक, आणि अमेरिकेहून त्याला न्यायला आलेला श्रीमंत बाप. बापाच्या कामात तोच ल्यू छ्योंग, पंचवीस वर्षांनी. मुलगा अमेरिकेला जात नाही, साध्या बायकोकडे आणि घोड्यांकडे परत येतो. हा शेवट मला कधीच पचला नाही. ज्या देशाने छळले त्याच्यावरचे प्रेम एवढ्या सहज सिद्ध होत नसते. ज्यांच्या ओट्यावर एक पाय परदेशी गेलेल्या मुलाच्या बुटात असतो अशा आपल्यासारख्या घरांना त्यातले बापलेकांचे प्रवेश मात्र जवळचे वाटतील. १९८४ चा 'डोंगराच्या पायथ्याशी पुष्पचक्रे' व्हिएतनामशी १९७९ मध्ये झालेल्या युद्धावरचा. वीरमरण आलेल्या सैनिकाच्या खिशात रक्ताने माखलेली उधारीची यादी सापडते, आणि त्याची आई आणि विधवा सरकारने दिलेल्या पैशांतून ती उधारी फेडून चालत घरी जातात. सांस्कृतिक क्रांतीच्या काळात बनलेले तोफगोळे फुटत नाहीत आणि त्यापायी पोरे मरतात, हेही यात आहे. लष्करी चित्रपटात एवढे बोलणे सोपे नव्हते.

आता वाद. जुलै १९८६ मध्ये शांघायच्या 'वनहुई' दैनिकात चू ताखे या तरुण समीक्षकाने 'शिए जिन पद्धती'वर तोफ डागली. त्याचा मुद्दा थोडक्यात असा: दरवेळी एक सज्जन अन्यायाने पिचतो, कुणी कनवाळू बाई त्याला सांभाळते, वाईट माणूस उघडा पडतो, आणि शेवटी वरून न्याय येतो. प्रेक्षक रडून मोकळा होतो. अन्याय ज्या व्यवस्थेतून आला तिला प्रश्न विचारायचे राहून जाते. बायका तर आज्ञाधारक सुश्रूषेपलीकडे जातच नाहीत. त्या वेळी चन खायगचा 'पिवळी माती' येऊन दोन वर्षे झाली होती. कमी बोलणारा, रडू न देणारा सिनेमा तरुणांनी पाहिला होता. देशभर चर्चा झाली.

चू ताखेचे म्हणणे शेवटांबद्दल खरे आहे. त्या पद्धतीची मुळे मात्र त्याने फार खाली ढकलली असे वाटते. रडवणारे नाटक ही त्या प्रेक्षकाची भाषाच होती. याच प्रेक्षकाने पन्नाशीच्या दशकात आणि पुन्हा सत्तरीच्या अखेरीस आपला 'आवारा' डोक्यावर घेतला होता. वीस वर्षे ज्यांना आपल्या मेलेल्या माणसांसाठी चारचौघांत रडण्याचीही सोय नव्हती, त्यांना अंधाऱ्या थिएटरात रडू देणे ही लहान गोष्ट नव्हे.

आणि त्याच सुमारास त्याने 'फुरोंग गाव' पूर्ण केला. फुरोंग म्हणजे जास्वंदीच्या कुळातले एक फूल. गु हुआच्या कादंबरीवरचा हा चित्रपट म्हणजे शिए जिनचे स्वतःलाच दिलेले उत्तर आहे, असे मी मानतो. हू यूयिन ही हूनान प्रांतातल्या एका गावात तांदळाच्या पिठाच्या मऊ चौकोनी वड्या तिखटजाळ वाडग्यात घालून विकते. कष्टाने पैसे साठवून नवराबायको घर बांधतात. १९६४ च्या 'चार शुद्धी' मोहिमेत हेच घर गुन्ह्याचा पुरावा ठरते: एवढे पैसे आले कुठून? घर जप्त, नवरा मरतो, आणि तिच्यावर नव-श्रीमंत शेतकरीण असा शिक्का बसतो. शिक्षा म्हणून पहाटे गावातली फरसबंदी झाडायची. तिच्यासोबत झाडायला 'वेडा छिन', लोकगीते गोळा करता करता 'उजवा' ठरलेला. तो तिला झाडू नाचाच्या ठेक्यावर मारायला शिकवतो. धुके, ओली फरशी, दोन झाडू. प्रेम होते, लग्नाला परवानगी नाकारतात, तिला दिवस जातात, त्याला दहा वर्षांची सजा. गावातल्या कोठाराचा जुना सैनिक-प्रमुख तेवढा तिच्या पाठीशी उभा राहतो.

इथली बाई कुणाची सुश्रूषा करणारी नाही. लियू श्याओछिंगने तिला भूक, हिशेब आणि संताप दिला आहे. छिनच्या कामात तरुण जियांग वन, जो पुढे स्वतः नामांकित दिग्दर्शक झाला. शेवटही वेगळा. छिन परततो, घर आणि पैसे परत मिळतात, पण छळणारी अधिकारी बाई दरम्यान बढती घेऊन मजेत आहे. आणि मोहिमांवर जगलेला गावचा आळशी पुढारी वेडा होऊन फुटकी झांज बडवत, नवी मोहीम आली अशी दवंडी पिटत गल्लीतून फिरतो. लोक खाता खाता थांबून ऐकतात. हा शेवट काळाने सांगितलेला नाही. १९८७ मध्ये 'सुवर्ण कोंबडा' आणि १९८८ मध्ये कार्लोव्ही व्हारीचा सर्वोच्च पुरस्कार याला मिळाला. ज्या वांगत्सुन गावात चित्रीकरण झाले त्याने २००७ मध्ये आपले नावच फुरोंग असे बदलून घेतले, आणि तिथे त्या वड्यांची दुकाने आजही नटीच्या नावावर चालतात.

नव्वदीत पगारी स्टुडिओ मोडत गेले आणि दिग्दर्शकाला पैसे स्वतः उभे करावे लागले. शिए जिनला हे जमले, पण त्याचा सिनेमा त्यात रमला नाही. हाँगकाँग चीनकडे परत जाण्याच्या मुहूर्तावर, १९९७ मध्ये, त्याने भव्य 'अफूचे युद्ध' काढला. त्यासाठी झेजियांगमधल्या हंगत्यान गावी जुन्या ग्वांगचौचे रस्ते उभारले गेले, आणि त्यातूनच आजची प्रचंड हंगत्यान चित्रनगरी वाढली. इंदूर, उज्जैन, ग्वाल्हेरच्या वाचकांनी हा चित्रपट पाहताना एक गोष्ट ध्यानात ठेवावी. १८३९ मध्ये आयुक्त लिन त्सशू याने हूमन इथे ज्या वीस हजारांवर पेट्या नष्ट केल्या, त्यांत पाटणा-बनारसच्या अफूबरोबर माळव्याचीही अफू होती. होळकर-शिंद्यांच्या मुलखात पिकलेली ही अफू आधी दमणमार्गे, मग मुंबईमार्गे चीनला जात असे. चित्रपटात इंग्रज व्यापारी दिसतात. पेटी भरणारा आपल्याकडचा सावकार दिसत नाही.

त्याचा अखेरचा चित्रपट, २००१ चा 'महिला फुटबॉलपटू क्रमांक नऊ', फारसा कुणी पाहिला नाही. ऑगस्ट २००८ मध्ये त्याचा थोरला मुलगा, तोही दिग्दर्शक, वारला. दोन महिन्यांनी, १८ ऑक्टोबरला, लहानपणीच्या चुनहुई शाळेच्या शताब्दीसाठी शिए जिन शांगयूला गेला आणि तिथल्या हॉटेलातच गेला. २०१८ मध्ये चीन सरकारने सुधारणा-पर्वाला हातभार लावणाऱ्या शंभर जणांना पदके दिली, त्यांत त्याचे नाव होते. 'विषारी तण' ठरवणारा आणि पदक देणारा पक्ष एकच.

आपल्याला हे चित्रपट पाहायचे असतील तर क्रम मी असा सुचवेन: आधी 'रंगमंचावरच्या दोन बहिणी', मग 'फुरोंग गाव', आणि सवड असेल तर 'तियानयुन पर्वताची कथा'. 'चुनम्याओ' मिळाला तर तोही पाहावा, टाळू नये. घरात संगीत नाटकाची आठवण सांगणारे कुणी वयस्क असतील तर पहिला चित्रपट त्यांच्याबरोबर पाहावा. विंगेतल्या पेटाऱ्यांबद्दल ते आपल्याला माझ्यापेक्षा जास्त सांगतील.